अतित कोण?

गेल्या श्रावणात भाची कडावला आली होती. भाची म्हणजे माझ्या मावसबहिणीची मुलगी. वय एकोणीस, शिकायला पुण्यात, विषय मास मीडिया. पाठीवर भिजलेली सॅक, हातात कॅमेऱ्याचा स्टँड. ओटीवर पाय पुसता पुसताच म्हणाली, "मामा, कॉलेजसाठी वीस मिनिटांची डॉक्युमेंटरी करायची आहे. विषय ठरलाय. दत्तक."

हिच्या हातातला चहाचा कप तसाच राहिला.

मंडळी, आमच्या घरातल्यांना हे माहीतच आहे, बाकीच्यांसाठी सांगतो. भाची स्वतः दत्तक आहे. सव्वा वर्षाची असताना आमच्यात आली. तिला हे कळत्या वयापासून माहीत आहे, आम्हा सगळ्यांनाही माहीत आहे, आणि तरीही गेली अठरा वर्षं या विषयावर आमच्याकडे कोणी एक अक्षर बोललेलं नाही. आपण फार समंजस माणसं आहोत म्हणून बोलत नाही, अशी आमची समजूत. (हे सगळं लिहायच्या आधी तिला आणि तिच्या आईला वाचून दाखवलं आहे. दोघींची परवानगी आहे. नावं घालायची नाहीत ही भाचीची अट.)

तर मी पटकन बोलून गेलो, "कशाला उकरायचं ते? तुला काय कमी पडलंय आमच्यात?"

ती रागावली नाही. म्हणाली, "मामा, तुम्ही इतिहासाची एवढी पुस्तकं वाचता. तेव्हा तुम्हाला काय कमी पडलेलं असतं?"

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. मग तिने एक पेनड्राइव्ह काढला. "हे आधी बघा. मग बोलू."

खरं सांगायचं तर डॉक्युमेंटरी म्हटलं की माझ्या पिढीच्या डोळ्यांपुढे फिल्म्स डिव्हिजन येते. १९४८ साली सुरू झालेली ही सरकारी संस्था. मुख्यालय मुंबईत, पेडर रोडला. २०२२ साली ती एनएफडीसीत विलीन झाली. सिनेमा सुरू होण्याआधी तिचं एक रीळ दाखवायचं हे थिएटरवाल्यांवर बंधनकारक होतं. लोक तेवढ्या वेळात बाहेर भजी खाऊन घेत. या पटांना तेव्हा मराठीत 'अनुबोधपट' म्हणायचे. शब्दच बघा ना. बोध करणारा. धरण कसं बांधलं, खत कसं टाकावं आणि कुटुंब कसं असावं! लाल त्रिकोण, आई, बाप, दोन मुलं, सगळी हसतमुख. मी पाहिलेल्या अशा एकाही पटात मूल नसलेलं जोडपं नव्हतं, एकटी आई नव्हती आणि दत्तक मूल तर नव्हतंच. सरकारच्या लेखी कुटुंबाचा प्रश्न एकच होता, मुलं फार होतात हा.

नंतर हे चित्र बदलत गेलं. पुण्यात समाजकार्य आणि संशोधन करणाऱ्या सुमित्रा भावे यांनी १९८५ साली 'बाई' नावाची पहिली छोटी फिल्म केली. झोपडपट्टीत राहणाऱ्या, मुलांना एकटीने वाढवणाऱ्या एका बाईची. गंमत म्हणजे तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 'कुटुंबकल्याण' या विभागात. म्हणजे त्रिकोणाच्या चौकटीत न बसणाऱ्या बाईचं घरसुद्धा कुटुंबच, हे त्या पुरस्काराने नकळत मान्य केलं, असं मला वाटतं. 'अनुबोधपट' जाऊन 'माहितीपट' शब्द रुळला तो काही उगाच नाही. सांगणाऱ्याने ऐकायला सुरुवात केली होती.

असो. पेनड्राइव्हकडे येतो.

पहिला माहितीपट 'फर्स्ट पर्सन प्लुरल', २००० सालचा. दिग्दर्शिका डीन बोर्शे लीम. ही बाई मूळची कोरियन. १९६६ साली अनाथ म्हणून अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या एका घरी दत्तक गेली. कागदावर नाव 'चा जंग ही'. मोठेपणी तिने कागद तपासले तेव्हा कळलं की ती चा जंग ही नाहीच. त्या नावाची मुलगी वेगळी होती, आणि ऐनवेळी तिच्या जागी हिला पाठवलं होतं. अनाथही नव्हती, आई कोरियात हयात होती. मग ती आपल्या अमेरिकन आईवडिलांना घेऊन कोरियातल्या आईच्या घरी जाते. दोन्हीकडचे आईबाप एका खोलीत बसलेले आहेत, मध्ये दुभाषी आहे आणि ही दोघांच्या मध्ये. त्या प्रसंगात कोणी वाईट नाही. म्हणून तर तो बघवत नाही.

दुसरा 'डॉटर फ्रॉम दनांग', २००२ सालचा. गेल डॉल्जिन आणि व्हिसेंते फ्रँको यांचा. ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला होता. १९७५ साली व्हिएतनाम युद्धाच्या शेवटी अमेरिकेने हजारो मुलं विमानांतून उचलून नेली, त्यातली ही एक, सात वर्षांची. तिचा बाप अमेरिकन सैनिक होता, त्यामुळे मुलीचं पुढे काय होईल या भीतीने आईने तिला पाठवलं. बावीस वर्षांनी ही आईला भेटायला दनांगला जाते. आपल्याला वाटतं, आता गळाभेट, अश्रू आणि 'समाप्त'ची पाटी. गळाभेट होते. पण मग मुक्काम वाढतो आणि एके दिवशी भाऊ म्हणतो, आईला आता तू पैसे पाठवत जा. त्यांच्या दृष्टीने ही घरची मोठी झालेली लेक. तिचं कर्तव्यच ते. हिच्या दृष्टीने... ती उठून बाहेर जाते आणि रडत सुटते. भेट झाली म्हणजे नातं जोडलं गेलं असं नाही, हे इतक्या सरळपणे सांगणारं दुसरं काही मी पाहिलेलं नाही.

दोन्ही बघून झाल्यावर मी भाचीला म्हटलं, "बाई गं, हे सगळं कोरिया-व्हिएतनामचं. युद्धातलं. आपल्याकडे कुठे असं?"

तिने तिसरी फाइल उघडली. नाशिकची निघाली.

आशा मिरो. जन्म १९६७, नाशिककडच्या एका शेतकरी घरात. लहानपण नाशिकच्या आणि मग मुंबईच्या नन्सच्या अनाथाश्रमात. १९७४ साली बार्सिलोनाच्या एका जोडप्याने तिला नेलं. तिथेच शिकली, संगीताची शिक्षिका झाली, टीव्हीवर कार्यक्रम करू लागली. १९९५ साली ती पहिल्यांदा परत येऊन गेली. २००३ साली दुसऱ्यांदा आली तेव्हा सोबत कॅमेरा होता. जॉर्डी योम्पार्त या कातालान पत्रकाराने तिच्यावर माहितीपट केला. त्याचं आणि तिच्या पुस्तकाचंही नाव 'गंगेची लेक' अशा अर्थाचं आहे.

हे नाव वाचून मला आधी हसू आलं. नाशिकची मुलगी आणि गंगा? युरोपातल्या लोकांना भारत म्हटलं की गंगाच हवी. पण मग आठवलं, नाशिकची माणसं "गंगेवर जाऊन येतो" म्हणतात तेव्हा ती गोदावरीवरच तर जात असतात! बार्सिलोनाच्या वाचकाला हे ठाऊक असण्याचं कारण नाही. म्हणजे नाव चुकून बरोबर आलं की बरोबर असून चुकीचं वाचलं गेलं, देव जाणे. दत्तक गेलेल्या माणसाच्या कागदांचं बहुधा असंच होत असावं.

दुसऱ्या खेपेला आशाला कळलं की पहिल्या खेपेत आपल्याला सांगितलेलं सगळंच खरं नव्हतं. आणि कळलं की आपल्याला एक सख्खी बहीण आहे. महाराष्ट्रातच वाढलेली, इथेच संसार केलेली. तिचंही नाव आशा. एकीने मराठी कधी सोडली नाही, दुसरीला ती आठवत नाही. दोघी समोरासमोर बसतात.

आता एक प्रश्न. ही गोष्ट बार्सिलोनात एवढी वाचली गेली, बघितली गेली. आपल्यापैकी किती जणांनी ऐकली होती? मी नव्हती ऐकली. म्हणजे लेक आपल्याकडची, आणि गोष्ट त्यांच्याकडची. दत्तकाचा इतिहास असाच लिहिला जातो, हे माझ्या तेव्हा पहिल्यांदा ध्यानात आलं. घेणाऱ्या घरी.

आणि मग रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या वेणगाव आठवलं.

आमच्या कडावकडून कर्जतला गेलं की त्याच्या दुसऱ्या अंगाला वेणगाव. दुसऱ्या बाजीरावांचे दत्तकपुत्र नानासाहेब पेशवे यांचं जन्मगाव. १८२४ साली इथल्या भटांच्या घरी त्यांचा जन्म झाला. वडील माधवराव नारायण भट, आई गंगाबाई. (इथेही गंगा!) राज्य गेल्यावर बाजीराव कानपूरजवळ ब्रह्मावर्ताला जाऊन राहिले होते. त्यांच्या आश्रयाला कोकणातली, देशावरची पुष्कळ कुटुंबं गेली, त्यांत हे भटही होते. १८२७ साली बाजीरावांनी मुलाला दत्तक घेतलं. तीन वर्षांचं पोर.

पुढचं सगळ्यांना पाठ आहे. १८५१ साली बाजीराव गेले आणि वर्षाला आठ लाखांची पेन्शन कंपनीने बंद केली. दत्तकाला पेन्शन नाही. नानासाहेबांनी अझीमुल्ला खानाला लंडनला पाठवलं, उपयोग झाला नाही. त्याआधी १८४८ साली साताऱ्याचे आप्पासाहेब महाराज वारले, मरण्यापूर्वी घेतलेला दत्तक डलहौसीने मानला नाही, राज्य खालसा. १८५३ च्या नोव्हेंबरात झाशीच्या गंगाधररावांनी मृत्यूच्या आदल्या दिवशी आनंदराव नावाच्या पाच वर्षांच्या मुलाला दत्तक घेऊन त्याचं नाव दामोदर ठेवलं. तोही मानला नाही, झाशी खालसा. अठराशे सत्तावन्नच्या मुळाशी असलेल्या कारणांपैकी हे एक कारण, असं आपण शाळेत वहीत लिहिलेलं असतं. 'दत्तकवारस नामंजूर'. दोन मार्क.

पण त्या रात्री वाटलं, या सगळ्या भांडणात मूल कुठे आहे? डलहौसी म्हणतो वारस नाही, आपण म्हणतो आहे. दोन्ही बाजू वारसाबद्दल बोलतायत. खलिते, अर्ज, वकील, इंग्लंडच्या वाऱ्या, कागदांचे ढीग. आणि गंगाबाई? तिने पोर हातावर ठेवलं तेव्हा तिला काय वाटलं? इतिहासात तिचं नाव आहे, एवढंच आहे. धर्मशास्त्रात आणि पुढे कायद्यातही दत्तकाचा खरा गाभा 'देणं-घेणं' हा. होम नसला तरी चालेल, पण एकाने दिलं आणि दुसऱ्याने घेतलं असं झालं पाहिजे. कागद मात्र घेणाऱ्याच्या पेटीत राहतो. देणाऱ्याकडे काय राहतं?

मराठीतही गंमत बघा. दत्तक 'घेतात', दत्तक 'देतात', आणि मुलगा मात्र दत्तक 'जातो'. जसा काही स्वतःच्या पायांनी चालत गेला.

एक अपवाद आठवला तो फुल्यांचा. १८६३ साली जोतीराव-सावित्रीबाईंनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. फसवल्या गेलेल्या विधवांनी यावं, गुपचूप बाळंत व्हावं आणि हवं तर मूल ठेवून जावं. तिथेच पुढे काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेला झालेला मुलगा त्या दोघांनी दत्तक घेतला. यशवंत. पुढे डॉक्टर झाला. त्याची जन्मदाती कोण, कोणत्या परिस्थितीत आली, हे फुल्यांच्या घरात झाकून ठेवण्याची गोष्ट नव्हती, म्हणून आज आपल्याला तिचं नाव माहीत आहे. त्याची किंमतही मोजावी लागली. १८९० साली जोतीराव गेले तेव्हा या मुलाने अंत्ययात्रेत टिटवं धरायला भाऊबंदांनी हरकत घेतली. तेव्हा सावित्रीबाईंनी ते स्वतःच्या हातात घेतलं. हा प्रसंग आपण स्त्रीच्या धैर्याचा म्हणून सांगतो, तो आहेच. पण तो दत्तक मुलाच्या आईचाही आहे. माझ्या मुलाला हक्क नाही म्हणता? मग मीच धरते.

थोडं कायद्याचं. १९५६ च्या हिंदू दत्तक कायद्याने मुलगी दत्तक घ्यायची वाट सर्वांना मोकळी झाली, बाईलाही स्वतःच्या नावाने दत्तक घेता येऊ लागलं. (म्हणजे आमची भाची सत्तर-ऐंशी वर्षांपूर्वी आमच्या घरात येऊच शकली नसती.) त्याच कायद्याने सांगितलं की दत्तकाच्या तारखेपासून जन्मघराशी मुलाचं नातं संपलं असं समजायचं. एक अपवाद मोठा बोलका आहे. जन्मघरात ज्यांच्याशी लग्न चालत नव्हतं, त्यांच्याशी पुढेही चालणार नाही. म्हणजे रक्त विसरायचं, पण लग्न ठरवताना आठवायचं!

परदेशी जोडप्यांना हा कायदा लागू नव्हता. ती १८९० च्या पालकत्वाच्या कायद्याखाली मूल ताब्यात घेऊन जात आणि आपल्या देशात दत्तक करून घेत. त्यातले गैरप्रकार वर आले तेव्हा लक्ष्मीकांत पांडे नावाच्या वकिलांनी सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं. त्या पत्रालाच याचिका मानून न्यायमूर्ती भगवतींनी १९८४ साली नियम घालून दिले. त्यातून १९९० साली 'कारा' ही केंद्रीय यंत्रणा उभी राहिली. आता मूल देणाऱ्या आईला बाल कल्याण समितीसमोर सही केल्यावर फेरविचारासाठी साठ दिवस मिळतात. आणि मोठ्या झालेल्या मुलाला आपल्या मुळांचा शोध घेण्यासाठी अर्ज करता येतो. अठरा पूर्ण असतील तर एकट्याने, नसतील तर आईवडिलांसोबत. पण जन्मदातीने गुप्तता मागितली असेल तर ती राखावी लागते. दोन हक्क समोरासमोर उभे आहेत, आणि कोणता मोठा हे मला तरी सांगता येत नाही. पुण्यात जन्मलेल्या आणि जर्मनीत वाढलेल्या एका माणसाला स्वतःची फाइल बघण्यासाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं होतं.

हे सगळं दुसऱ्या दिवशी मी भाचीला मोठ्या उत्साहाने सांगितलं. वेणगाव, गंगाबाई, साठ दिवस, सगळं. तिने ऐकून घेतलं आणि विचारलं, "मामा, तुमचे आजोबापण दत्तक होते ना?"

मंडळी, ही गोष्ट आमच्याकडे माहीत असलेली आणि न बोललेली अशी दुसरी. आजोबा भावकीतच दत्तक गेले होते. चुलत चुलत्यांना मूल नव्हतं, यांच्या घरी पाच मुलगे. सहाव्या वर्षी मधल्याला दिलं. घरं एकाच आळीतली. आडनाव तेच, गोत्र तेच, फक्त बापाचं नाव बदललं आणि भाताची जमीन मिळाली. आणि आणखी एक बदललं. त्या दिवसापासून स्वतःच्या आईला ते 'काकू' म्हणू लागले. ती चुलत काकूच झाली ना! आम्ही हे लहानपणी गमतीची गोष्ट म्हणून ऐकलंय. त्यात गंमत काय होती, आता आठवत नाही.

हे सांगू शकेल असं एकच माणूस उरलंय. आमची आत्या. वय सत्त्याऐंशी, असते नेरळला. भाची म्हणाली, जाऊ या. मी म्हटलं, आत्या कॅमेऱ्यासमोर बोलायची नाही. गेलो. भाचीने स्टँड लावला, आत्याच्या पदराला छोटा माइक लावला आणि समोर जमिनीवर बसली. प्रश्न एकच विचारला, "काकूआजी कशा होत्या?"

आत्या पहिली पाच मिनिटं भाताबद्दल बोलली. मग पेज नदीबद्दल. टाटाच्या विजेचं पाणी सुटतं म्हणून ती उन्हाळ्यातही कशी वाहते, बायका धुणं घेऊन कशा जायच्या. मी मनात म्हटलं, झालं, गाडी गेली दुसरीकडे. भाची गप्प बसून होती. हा गुण माझ्यात नाही.

मग आत्या म्हणाली, "दत्तकाच्या दिवशी काकूआजी नदीवर गेली होती म्हणे. भरल्या घरातून, धुणं घेऊन. संध्याकाळपर्यंत आली नाही."

थांबली. आणि मग पिठोरीचं सांगितलं.

श्रावणातली अमावस्या. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी... पूजा झाली की आई पाठमोरी बसते, खीरपुरीचं वाण खांद्यावरून मागे धरते आणि विचारते, "अतित कोण?" मागे बसलेलं मूल म्हणतं, "मी!" आणि आपलं नाव सांगून वाण घेतं. एकेक करून सगळी मुलं घेतात. काकूआजीकडे चार मुलगे राहिले होते. चौघांचं झालं की ती पाचव्यांदा वाण मागे धरायची आणि विचारायची, "अतित कोण?"

मागे कोणी नसायचं. ती थोडा वेळ तसाच हात धरून ठेवायची. मग ते वाण केळीच्या पानात बांधून आमच्या घरी पाठवायची. "अतिताचं आहे म्हणून सांग," एवढाच निरोप. आत्या स्वतः लहानपणी ते पान घेऊन आलेली आहे. आजोबा तेव्हा चाळिशीचे. ते पान घेऊन मागच्या पडवीत जाऊन एकटे खायचे. कोणाला त्यातलं देत नसत.

"आणि आजी, म्हणजे ज्यांनी घेतलं त्या? त्या काही म्हणत नसत?" भाचीने विचारलं.

"ती?" आत्या म्हणाली. "पान आलं की तीच पाट मांडायची त्याला. पडवीत."

काकूआजी गेली तेव्हा आजोबांनी सुतक तीनच दिवस पाळलं. दत्तक गेलेल्याला जन्मदात्या आईचं तेवढंच. क्रिया भावांनी केली. आजोबा चौथ्या दिवशी शेतावर गेले. आत्या म्हणाली, त्या वर्षी पिठोरीला ते घरी नव्हते. कुठे गेले होते कोणालाच माहीत नाही.

अकरा मिनिटांचं चित्रण आहे. नंतर आत्याने पाणी मागितलं आणि माइक काढायला सांगितला.

येताना गाडीत कोणी बोललं नाही. कर्जत जवळ आल्यावर भाची म्हणाली, "दोघींनी मिळून एक पान सांभाळलं." एवढंच. मी पाहिलेल्या परदेशी माहितीपटांतलं भांडण आठवत होतो. इकडची आई की तिकडची, खरी कोण? आमच्या आळीत हे भांडण मिटलं होतं असं मी म्हणणार नाही. मिटलं असतं तर आजोबांना पडवीत जावं लागलं नसतं. पण एक पाट मांडायला जागा होती. आम्ही पुढच्या पिढ्यांनी समंजसपणाच्या नावाखाली तो पाटही उचलला.

भाचीने मुळांच्या शोधाचा अर्ज भरून ठेवला आहे. पाठवलेला नाही. पाठवेल की नाही, हे तिचं ती ठरवेल. तिच्या आईने तिला सांगितलंय, जायचं ठरवलंस तर दाराशी सोडायला मी येईन, आत यायचं का ते तू सांग. मी आता "कशाला उकरायचं" म्हणत नाही. माझ्या बाजूने एवढीच प्रगती.

तिची वीस मिनिटांची फिल्म कॉलेजात दाखवून झाली. तिने शेवटी स्वतःबद्दल एकच वाक्य बोललं आहे. ते इथे लिहीत नाही, तिच्या तोंडूनच ऐका.

आता घरच्यांसाठी. आपली छापील वंशावळ आहे ना, हिरव्या पुठ्ठ्याची? त्यात आजोबांच्या नावावरून रेघ फक्त एकाच घरी जाते. आणि भाचीचं नाव तर तिच्यात नाहीच, कारण मुलींची नावं घालायची पद्धत नव्हती, असं आपण म्हणायचो. माझ्या प्रतीत मी दोन्ही दुरुस्त्या पेन्सिलीने केल्या आहेत. आजोबांपासून दुसरी एक तुटक रेघ शेजारच्या घरात गेली आहे. तिथे आधी फक्त काकूआजीच्या नवऱ्याचं नाव होतं. तिचं नाव आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हतं. आत्याला होतं. भाचीने तिला स्पेलिंग नको, नीट उच्चार सांग, म्हणून दोनदा म्हणायला लावलं.

ते मी लिहिलं आहे. तुमच्या प्रती काढून ठेवा. दिवाळीला येईन तेव्हा सगळ्यांच्यात लिहून देईन. पेनने.